उशिरा आलेला उजवा हात

डिऑन्टे वाइल्डर मुष्टियुद्धाच्या व्यायामशाळेची पायरी पहिल्यांदा चढला तेव्हा २००५ साल सरत आले होते आणि त्याच्या वयाला वीस वर्षे होत होती. या खेळात ते वय श्रीगणेशा करण्याचे मुळीच नव्हे. भिवानीच्या क्लबात किंवा क्यूबातल्या एखाद्या सरकारी प्रशिक्षण केंद्रात वाढलेल्या मुलाच्या पाठीशी त्या वयात आठ-दहा वर्षांची मेहनत आणि ढीगभर लढती जमा झालेल्या असतात. वाइल्डरच्या पाठीशी काहीच नव्हते. अमेरिकेच्या अलाबामा राज्यातल्या टस्कलूसा गावचा हा सहा फूट सात इंच उंचीचा मुलगा बास्केटबॉल आणि अमेरिकन फुटबॉल यांची स्वप्ने पाहत कॉलेजात जात होता. त्या वर्षी त्याला मुलगी झाली आणि तिला पाठीच्या कण्याचा जन्मजात विकार, म्हणजे स्पायना बिफिडा, असल्याचे कळले. कॉलेज सुटले. हॉटेलात वेटर म्हणून, बीअरच्या ट्रकवर चालक म्हणून त्याने कामे केली, आणि उपचारांना पुरेल इतका पैसा अंगमेहनतीतून कुठे मिळेल याचा शोध घेत तो जे डीझ या प्रशिक्षकाकडे येऊन पोहोचला.

त्याला या खेळाचे वेड नव्हते, ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. उशिरा सुरुवात करणाऱ्यांच्या ज्या कथा आपण आवडीने ऐकतो त्या बहुधा मनात दडपून राहिलेल्या आवडीच्या असतात. संसारात पडलेल्या माणसाने पन्नाशीला पुन्हा तंबोरा हाती घेतला, अशा धर्तीच्या. वाइल्डरला मात्र रुग्णालयाचे बिल भरायचे होते. तरीही जेमतेम दोन वर्षांत तो अमेरिकेचा राष्ट्रीय विजेता झाला आणि २००८ साली बीजिंग ऑलिंपिकमध्ये त्याने ९१ किलो गटात कांस्यपदक मिळवले. त्या वर्षी अमेरिकेला मुष्टियुद्धात मिळालेले ते एकमेव पदक होते. उपांत्य फेरीत इटलीच्या क्लेमेन्ते रुस्सोने त्याला ७-१ असे सहज हरवले, ही बाब पुढे त्याच्या गौरवकथेतून गळून गेली. याच स्पर्धेत विजेंदर सिंगने भारताला मुष्टियुद्धातले पहिले ऑलिंपिक पदक मिळवून दिले, तेही कांस्यच. साहजिकच आपल्याकडे त्या दिवसांत दुसऱ्या कोणाच्या कांस्याची चौकशी करायला कोणाला सवड नव्हती, आणि मलाही नव्हती.

मी फोंड्याचा. आमच्याकडे खेळ म्हटला की फुटबॉल. त्याखालोखाल क्रिकेट, आणि मुष्टियुद्ध हे दूरदर्शन संचावर किंवा आता फोनवर पाहायचे प्रकरण. अमेरिकेत शनिवारी रात्री होणारी मोठी लढत आमच्या घड्याळात रविवारी सकाळी नऊ-दहाच्या सुमारास लागते. पातळभाजी-पाव खाऊन झालेला असतो आणि बाजारात मासळी आणायला निघण्याची वेळही नेमकी तीच असते, त्यामुळे या खेळापायी मी घरात जी बोलणी खाल्ली आहेत ती कोणत्याही हेवीवेटने खाल्लेल्या ठोशांहून कमी नसावीत. वाइल्डरच्या लढतींचा एक फायदा मात्र होता. त्या लवकर संपत.

व्यावसायिक म्हणून तो १५ नोव्हेंबर २००८ रोजी उतरला आणि पुढच्या सहा वर्षांत त्याने ३२ लढती जिंकल्या. त्या सगळ्याच्या सगळ्या नॉकआउटने, आणि एकही चौथ्या फेरीपलीकडे गेली नाही. प्रतिस्पर्धी बेताचे होते हे खरे. पण त्या निवडीमागचे गणित वेगळे होते. डीझला आपल्या हातात काय आहे आणि काय नाही हे पक्के ठाऊक होते. त्याला एका प्रौढ माणसाला पगारी लढती करता करता बालवर्गाचे धडे द्यायचे होते. दहा-बारा वर्षांच्या वयात हौशी लढतींत हरत-जिंकत जे शिकले जाते, ते वाइल्डरला सुरक्षित प्रतिस्पर्ध्यांच्या विरुद्ध शिकायचे होते. अडचण अशी की त्याचा उजवा हात प्रतिस्पर्ध्याला इतक्या लवकर झोपवत असे की शिकण्याची वेळच येत नसे.

हेवीवेट हा एकच गट असा आहे की ज्यात उशिरा आलेल्याला थोडी तरी जागा मिळते, आणि याचे कारण अगदी साधे आहे. उंची, हाडांची रुंदी आणि हातांचा पल्ला कोणताही प्रशिक्षक शिकवू शकत नाही. हलक्या गटांत हजारो मुले लहानपणापासून घासून तयार झालेली असतात. दोनशे पौंडांच्या वर, म्हणजे साधारण ९१ किलोंच्या पुढे, मुळात माणसेच थोडी, आणि त्यांतली चपळ माणसे आणखी थोडी. म्हणून अँथनी जोशुआ अठराव्या वर्षी सुरुवात करून २०१२ साली लंडनमध्ये ऑलिंपिक सुवर्ण मिळवू शकला. रॉकी मार्सियानो बेसबॉलमध्ये बस्तान बसेना म्हणून चोविसाव्या वर्षी या धंद्यात पुरता उतरला आणि ४९ लढतींत एकही न हरता निवृत्त झाला. रॉन लायल तर खुनाच्या गुन्ह्यात शिक्षा भोगत असताना कोलोरॅडोच्या तुरुंगात हा खेळ शिकला, तिशीत व्यावसायिक झाला, आणि मे १९७५ मध्ये लास व्हेगास येथे मोहम्मद अलीविरुद्ध दहा फेऱ्यांपर्यंत गुणांवर पुढे राहून अकराव्या फेरीत हरला. आपल्याकडचा सतीश कुमारही याच वाटेने आला. बुलंदशहरचा हा कबड्डी खेळणारा मुलगा २००८ साली सैन्यात भरती झाला आणि तिथल्या प्रशिक्षकांनी त्याचा बांधा पाहून त्याला रिंगमध्ये आणले. टोकियो ऑलिंपिकला पात्र ठरलेला तो भारताचा पहिला सुपर हेवीवेट. उझबेकिस्तानच्या जलोलोवविरुद्ध चेहऱ्यावर टाके घेऊन तो उभा राहिला आणि हरला. जलोलोवने पुढे सुवर्ण जिंकले.

२०२३ च्या अखेरीस गोव्यात राष्ट्रीय क्रीडा स्पर्धा झाल्या तेव्हा आमच्या वाड्यावरच्या एका मुलाच्या डोक्यात मुष्टियुद्ध शिरले. तोवर तो फुटबॉलमध्ये गोलरक्षक होता. एके संध्याकाळी तो माझ्याकडे येऊन म्हणाला, "काका, वीस म्हणजे उशीर झाला का?" त्याच्या मागोमाग आलेल्या त्याच्या आईने माझ्या उत्तराची वाट पाहिली नाही. "ह्याच्या वयाची पोरं नोकरीला लागली, आणि हा आता मारामारी शिकायला निघालाय. तुम्हीच सांगा ह्याला काय ते." मी त्याला त्याचे वजन विचारले. ते सत्तर किलोंच्या आसपास होते. त्या वजनात हरियाणा आणि मणिपूरची मुले दहा वर्षे पुढे निघून गेलेली आहेत, पदकाचा हिशेब करून जाणार असलास तर उशीर झाला आहे, आणि हौसेने जाणार असलास तर उशिराचा प्रश्नच येत नाही, असे मी त्याला सांगितले. वाइल्डरचे उदाहरण त्याने अर्थातच पुढे केले, कारण फोनवर फिरणाऱ्या स्फूर्तिदायक चित्रफितींत ते असतेच. त्या चित्रफितींत वाइल्डरचे पाय मात्र कधी दाखवत नाहीत.

पाय म्हणण्याचे कारण असे. उजव्या हाताच्या सरळ ठोशाची ताकद मागच्या पायातून सुरू होते, कमरेच्या वळणातून वर चढते आणि खांद्यातून बाहेर पडते. वाइल्डरच्या बाबतीत हा सगळा प्रवास इतक्या वेगाने होत असे की समोरच्याला हात निघालेला दिसतच नसे. पण त्यासाठी मागचा पाय जमिनीत रोवलेला असावा लागतो आणि समोर पुरेसे अंतर असावे लागते. अंतर मिळाले नाही, किंवा ठोसा चुकला, की पुढे काय करायचे हे ठरवणारी गोष्ट म्हणजे पवित्रा, आणि पवित्रा लहानपणीच अंगात भिनतो. विसाव्या वर्षी गाणे शिकू लागलेल्या माणसाला राग समजतो, बंदिश पाठ होते, मैफलीत टाळ्याही मिळतात. पण तान घसरली तर सावरून घेण्याची जी सवय लहानपणच्या पलट्यांनी गळ्याला लागते ती त्याच्याकडे नसते, आणि जाणकाराला ते पहिल्या दहा मिनिटांत कळते. वाइल्डरचा ठोसा चुकला की त्याचे पाय एकमेकांत अडकत, तोल पुढे जाई, दोन्ही हात गोल गोल फिरू लागत. समालोचक त्याच्यावर हसत. समोरचा क्वचितच हसे, कारण त्या गोल फिरणाऱ्या हातांपैकी एखादा लागला तर लढत संपत असे.

त्याचे स्वतःचे म्हणणे असे होते की समोरच्याला छत्तीस मिनिटे, म्हणजे तीन-तीन मिनिटांच्या बाराही फेऱ्या, अचूक राहावे लागते, आपल्याला फक्त दोन सेकंद. ही फुशारकी खरी होती, आणि तिच्यातच आपल्याजवळ काय नाही याची कबुलीही दडलेली होती. गंमत अशी की १७ जानेवारी २०१५ रोजी, अलीच्या वाढदिवशी, बर्मेन स्टिव्हर्नला हरवून त्याने डब्ल्यूबीसीचा, म्हणजे जागतिक मुष्टियुद्ध परिषदेचा, जागतिक किताब मिळवला तो मात्र पूर्ण बारा फेऱ्या खेळून, गुणांवर. त्या लढतीत त्याचा उजवा हात दुखावला होता. मला वाटते, आयुष्यात त्याने पाठ्यपुस्तकी मुष्टियुद्ध जितके केले त्यातले बरेचसे त्या एका रात्री केले. त्यानंतर तो पुन्हा आपल्या मूळ स्वभावावर गेला आणि पाच वर्षांत त्याने दहा वेळा किताब राखला.

या वाटचालीत त्याला ब्रिटनचा हेवीवेट टायसन फ्युरी भेटला. फ्युरी डिसेंबर २००८ मध्ये, म्हणजे वाइल्डरनंतर तीनच आठवड्यांनी, व्यावसायिक झाला. पण त्याचा बाप स्वतः बॉक्सर आणि घराण्यात मुठी आवळण्याची परंपरा, त्यामुळे त्याचे शिक्षण कधी सुरू झाले हे सांगणेच कठीण. पहिली लढत डिसेंबर २०१८ मध्ये लॉस एंजेलिसला झाली. फ्युरीने बहुतेक फेऱ्या वाइल्डरला हवेत हात मारायला लावले, आणि वाइल्डरने नवव्या व बाराव्या फेरीत त्याला खाली पाडले. बाराव्या फेरीत तर फ्युरी उताणा पडला होता, आणि तो उठला कसा हे मला आजही नीट समजलेले नाही. लढत बरोबरीत सुटली.

दुसरी लढत २२ फेब्रुवारी २०२० ची, लास व्हेगासची. आमच्याकडे तो रविवार होता आणि गोव्यात कार्निव्हल चालू होता; पणजीची मिरवणूक आदल्या दिवशी होऊन गेली होती आणि मडगावची त्या दुपारी निघायची होती. फ्युरीने या वेळी डेट्रॉइटच्या क्रॉन्क या नामांकित व्यायामशाळेच्या परंपरेतला शुगरहिल स्टुअर्ड हा नवा प्रशिक्षक घेतला होता, वजन वाढवून ते २७३ पौंडांवर नेले होते आणि आपला जुना, मागे सरकत फसवण्याचा खेळ टाकून दिला होता. पहिल्या क्षणापासून तो वाइल्डरच्या अंगावर चालून गेला. हा डाव फार हुशारीचा होता, कारण त्याने मागच्या पायाचा प्रश्न थेट विचारला. मागे मागे ढकलल्या जाणाऱ्या माणसाचा मागचा पाय रोवला जात नाही, आणि जवळ आलेल्या माणसावर लांबचा उजवा हात चालत नाही. मागे सरकताना मारणे, अंग घासून लढणे, समोरच्याचे वजन अंगावर घेऊन वळणे, हे सगळे हौशी लढतींच्या लांब वर्षांत शिकण्याचे धडे आहेत. वाइल्डर तिसऱ्या फेरीत पडला, पाचव्यात पुन्हा पडला, त्याच्या कानातून रक्त येऊ लागले, आणि सातव्या फेरीत त्याच्या कोपऱ्यातून त्याचा प्रशिक्षक मार्क ब्रेलंड याने, लढत थांबवा अशी खूण म्हणून, टॉवेल फेकला.

पराभवानंतर वाइल्डरने दिलेले कारण जगजाहीर आहे. अमेरिकेत कृष्णवर्णीयांच्या इतिहासाचा महिना म्हणून पाळल्या जाणाऱ्या त्या फेब्रुवारीत आदरांजली म्हणून तो जो चिलखतासारखा पोशाख घालून रिंगपर्यंत चालत आला, त्याचे वजन चाळीस पौंडांहून जास्त होते आणि त्यामुळे त्याचे पाय गळून गेले, असे तो म्हणाला. कार्निव्हलच्या मिरवणुकीत डोक्याएवढे मुकुट आणि पाठीवर पंख चढवून भर उन्हात तासन्‌तास नाचणारी माणसे आम्ही दर वर्षी पाहतो, त्यामुळे या सबबीचे आमच्या घरात जरा जास्तच हसे झाले. त्याहून न आवडलेली गोष्ट म्हणजे त्याने ब्रेलंडला काढून टाकले. ब्रेलंड हा १९८४ चा ऑलिंपिक सुवर्णविजेता, लहानपणापासून रिंगमध्ये वाढलेला, हौशी कारकिर्दीत एकच लढत हरलेला माणूस. कोणत्या क्षणानंतर मार खाण्यात शौर्य उरत नाही, हे त्या कोपऱ्यात त्याच्याइतके दुसऱ्या कोणालाही कळत नसावे. वाइल्डरला ते पटले नाही. मरेपर्यंत लढू द्यायला हवे होते, असे त्याचे म्हणणे. मुलीच्या उपचारांसाठी या धंद्यात आलेल्या बापाने असे म्हणावे, हे मला त्या दिवशी फार खटकले होते आणि आजही खटकते.

तिसरी लढत ऑक्टोबर २०२१ मध्ये, आमच्याकडे ऐन नवरात्रात. फोंड्याच्या देवळांतून रात्री मखरोत्सव चालू होते, आणि रविवारी सकाळी डोळ्यांवर झोप असतानाच मी ती पाहिली. ब्रेलंडच्या जागी मलिक स्कॉट होता. हा स्कॉट म्हणजे २०१४ साली वाइल्डरने पहिल्याच फेरीत झोपवलेला प्रतिस्पर्धी, आणि हरवलेल्या माणसाला गुरू करण्यात वाइल्डरचा मोठेपणा होता हे मान्य केले पाहिजे. पहिल्या फेरीत शिकवणी दिसलीसुद्धा: वाइल्डर पवित्रा सांभाळून फ्युरीच्या पोटावर जॅब, म्हणजे पुढच्या हाताचे झटपट सरळ ठोसे, मारत होता. तिसऱ्या फेरीत तो पडला, आणि नवे शिक्षण तिथेच सांडले. दमलेले शरीर जे सर्वांत आधी शिकले त्याकडे परतते, आणि वाइल्डरचे शरीर सर्वांत आधी फक्त उजवा हात मारायला शिकले होते. त्याच उजव्या हाताने त्याने चौथ्या फेरीत फ्युरीला दोनदा खाली पाडले. दहाव्यात वाइल्डर पुन्हा पडला, आणि अकराव्या फेरीत संपला. त्याने पाठ मात्र फिरवली नाही. त्याच्या सगळ्या कारकिर्दीत मला ही हार सर्वांत मोलाची वाटते.

पुढच्या वर्षांवर फार रेंगाळण्यासारखे काही नाही. ऑक्टोबर २०२२ मध्ये त्याने रॉबर्ट हेलेनियसला पहिल्या फेरीत झोपवले आणि नंतर पत्रकारांसमोर बोलताना, मेंदूच्या दुखापतीने खिळून पडलेल्या प्रिचर्ड कोलोनची आठवण काढून तो रडला. डिसेंबर २०२३ मध्ये रियाधला जोसेफ पार्करने त्याला बारा फेऱ्यांत गुणांवर हरवले. त्या लढतीत उजवा हात निघतच नव्हता. १ जून २०२४ रोजी चीनच्या झांग झिलेईने पाचव्या फेरीत त्याला नॉकआउट केले. उशिरा सुरुवात केलेल्याचे शरीर कमी झिजते, म्हणून तो उशिरापर्यंत टिकतो, असे या खेळातले लोक म्हणतात. हा हिशेब मला वाइल्डरच्या बाबतीत तरी जुळताना दिसत नाही. मार कमी खाल्लेला असतो हे खरे, पण चपळाई जन्मतारखेपासून मोजली जाते, आणि ज्याचा सगळा खेळ चपळाईवर उभा आहे त्याची चपळाई अडतिसाव्या वर्षी कमी झाली की हाताशी दुसरे काही उरत नाही. पार्करसमोर त्याच्या जागी लहानपणी शिकलेला, अंगाने थकलेला खेळाडू असता तर त्याने जॅब आणि पायांवर निम्म्या फेऱ्या तरी ओढून नेल्या असत्या.

माझे एक वास्कोचे मित्र आहेत, माझ्याच वयाचे आणि या खेळाचे माझ्याहून जुने वेडे. त्यांचे म्हणणे असे की हा माणूस दहाव्या वर्षी व्यायामशाळेत गेला असता तर फ्युरी काय, कोणीच त्याच्यासमोर उभा राहिला नसता: असा हात, आणि वर असे शिक्षण. मला हे पटत नाही. दहाव्या वर्षी तो गेला असता तर पहिल्याच महिन्यात कोणीतरी त्याला सांगितले असते की हात इतका मागे न्यायचा नाही, छाती उघडी टाकायची नाही, तोल जाईल असे मारायचे नाही. आणि त्या वयाच्या आज्ञाधारक मुलाने ते ऐकले असते. त्यातून एक नीटनेटका, उंच, जॅबवर खेळणारा बॉक्सर तयार झाला असता. असे बॉक्सर बरेच असतात. शिवाय दहाव्या वर्षी त्याला गरज नव्हती, आणि ती नसताना तो बास्केटबॉल टाकून आला असता असे मानायला काही आधार नाही.

मित्र मानायला तयार नाहीत, तेव्हा मी त्यांना लुईस ऑर्टिझची आठवण करून देतो. ऑर्टिझ क्यूबाचा, तिथल्या हौशी व्यवस्थेत घडलेला, डाव्या पवित्र्याचा. आज हेवीवेटमध्ये इतके शुद्ध शिक्षण फार थोड्यांकडे सापडेल. मार्च २०१८ मध्ये त्याने सातव्या फेरीत वाइल्डरला असे हलवले की फेरी थोडी लांबली असती तर किताब गेला असता, आणि दहाव्या फेरीत तो स्वतःच आडवा झाला. नोव्हेंबर २०१९ मध्ये ते पुन्हा समोरासमोर आले. सहा फेऱ्यांअखेर तिन्ही पंचांच्या तक्त्यांवर ऑर्टिझ पुढे होता. वाइल्डरने तोवर मोजण्यासारखे काही केलेच नव्हते, तो नुसता पाहत होता. सातव्या फेरीचे शेवटचे काही क्षण उरले असताना तो उजवा हात सुटला. ऑर्टिझ पंचांच्या दहा आकड्यांच्या आत उठू शकला नाही.